टाळी आणि शिवी

गेल्या जयंतीला फैजपुरात कवितावाचन झालं. मीपण वाचली. कविता पुढाऱ्यांवर होती. वस्तीवर दगड पडले तेव्हा तोंडात मिठाची गुळणी धरून बसलेल्यांना मी तीत 'हिजड्यांची फौज' म्हटलं होतं. त्या ओळीला सगळ्यात जास्त टाळ्या पडल्या. पोरांनी वन्समोअर दिला. मी पुन्हा वाचली, पहिल्यापेक्षा जोरात.

कार्यक्रम संपल्यावर चहाच्या गाडीपाशी एक जण भेटली. बाजाराच्या दिवशी दुकानोदुकानी मागते, त्यामुळे सगळं गाव तिला ओळखतं. गळ्यात निळा रुमाल होता. म्हणाली, "भाऊ, कविता चांगली होती. पण एक सांग. ते पुढारी भ्याले, घरात लपले. आम्ही कधी लपलो? आम्ही तर रोज रस्त्यावर उभे राहतो. पोलिसाचा दांडा खातो नि दुसऱ्या दिवशी पुन्हा तिथंच उभे राहतो. मग भित्र्याला आमचं नाव काहून देतो रे भो?"

माझ्याकडं उत्तर नव्हतं. चहाचे पैसे तिनंच दिले. मी रात्रपाळीला निघून गेलो. गिरणीच्या आवाजात शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही, पण तिचं वाक्य रात्रभर ऐकू येत होतं. हा लेख म्हंजे तिला द्यायचं राहिलेलं उत्तर. त्यात टीका आहे. पहिली आपल्यावर, मग इतरांवर.

दलित साहित्यानं शिवीला कागदावर जागा दिली. प्रस्थापितांच्या सोवळ्या मराठीच्या थोबाडीत मारायला तेच हत्यार आपल्या हाती होतं. ते केलं ते बरोबरच केलं. पण कोणती शिवी कुणाच्या अंगावर पडते याचा हिशेब आपण ठेवला नाही. आपल्या कविता काढा, भाषणं आठवा, घोषणा आठवा. न लढणारा माणूस षंढ. विकला गेलेला माणूस नपुंसक. गप्प बसलेला समाज हिजड्यांचा. अधिकारी काम करत नाही, तर मोर्चा नेऊन त्याला बांगड्यांचा आहेर. म्हंजे भ्याडपणाची खूण कोणती, तर बाईच्या हातातला दागिना. त्याच बांगड्यांच्या हातांनी आपल्या आया-बहिणी नामांतराच्या लढ्यात तुरुंगात गेल्या, हे आपण विसरतो.

ही भाषा आपली नाही. ती कुणाची आहे ते बघायचं तर मनुस्मृतीचा नववा अध्याय बघा. बापाच्या इस्टेटीत कुणाला वाटा द्यायचा नाही याची तिथं यादी आहे. त्या यादीत पहिलं नाव क्लीबाचं, म्हंजे ज्याला आज तुम्ही-आम्ही नपुंसक म्हणतो त्याचं. त्याच्या मागं पतित, जन्मांध, बहिरा, वेडा, मुका. ज्या देहाचा वंश वाढवायला उपयोग नाही त्याला घरात हक्क नाही, असा तो कायदा. जो कायदा आपल्याला गावाबाहेर ठेवतो तोच कायदा तिला घराबाहेर ठेवतो. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांनी ते पुस्तक जाळलं. पुस्तकाची राख झाली, पण त्यातला एक शब्द आपल्या जिभेवर शिल्लक राहिला. आणि आपण त्याला विद्रोह म्हणत राहिलो.

इथं कुणी म्हणेल, या लोकांची स्वतःची मोठी चळवळ आहे. शहरात इंद्रधनुष्याचे झेंडे घेऊन मोर्चे निघतात. मग आपण कशाला त्यात पडायचं? म्हणून त्या मोर्चात तिची जागा कुठं आहे ते जरा बघू.

एलजीबीटीक्यू अशी ती अक्षरं. बाईवर प्रेम करणाऱ्या बाया, पुरुषावर प्रेम करणारे पुरुष, दोहोंकडे ओढ असणारे, पारलिंगी, आणि या कुठल्याच खणात न बसणारे. पहिल्या तिघांचा प्रश्न कुणावर प्रेम करावं हा आहे. पारलिंगी माणसाचा प्रश्न मी कोण हा आहे. जन्माच्या वेळी सुईणीनं मुलगा म्हणून सांगितलं, पण ती मुलगी आहे. किंवा मुलगी म्हणून सांगितलं, पण तो मुलगा आहे. प्रेम लपवता येतं. ते लपवायला लागू नये, ही लढाई खरीच आहे. वस्तीतल्या समलिंगी पोरालाही मार पडतो, त्यालाही घरचे जबरदस्तीनं बोहल्यावर चढवतात, त्याचं दुःख मी कमी लेखत नाही. पण आपण कोण हे जिच्या चालण्यात, आवाजात, साडीत दिसतं तिला लपायला जागाच नाही. एकाला खोलीचं दार बंद करायचा हक्क पाहिजे. दुसरीला खोलीच कुणी भाड्यानं देत नाही.

हा फरक कायद्याच्या इतिहासात स्पष्ट दिसतो. १८६० च्या दंडसंहितेतलं कलम ३७७ इंग्रजांचं. १८८४ मध्ये अलाहाबाद हायकोर्टापुढं खैराती नावाच्या माणसाचा खटला आला. गुन्हा काय, तर बायकांच्या कपड्यात गाणं म्हणताना सापडला. पोलिसांनी धरून डॉक्टरी तपासणी केली आणि ३७७ लावलं. वेळ, जागा, सोबतचा माणूस, काहीच सिद्ध झालं नाही म्हणून शेवटी सुटका झाली. म्हंजे या कलमाचे सुरुवातीचे वळ कुणाच्या अंगावर उठले ते बघा. पुढं सव्वाशे वर्षांनी हे कलम कोर्टात लढवलं गेलं तेव्हा पोलिसी जुलमाचा पुरावा म्हणून पुन्हा हिजड्यांच्याच कहाण्या पुढं ठेवल्या गेल्या. दिल्ली हायकोर्टानं २००९ ला कलम मोडलं, सुप्रीम कोर्टानं ११ डिसेंबर २०१३ ला पुन्हा उभं केलं, आणि ६ सप्टेंबर २०१८ ला पुन्हा मोडलं. त्या शेवटच्या लढाईत ज्यांची नावं पेपरांनी छापली ते नर्तक, पत्रकार, हॉटेलवाले, नामांकित आचारी. कर्नाटकातल्या अक्कई पद्मशाली यांच्यासारख्या पारलिंगी कार्यकर्त्यांचीही याचिका तिथं होती. ती किती जणांना माहीत आहे?

मोर्चाच्या फोटोत मात्र तीच पुढं. भडक साडी, गजरा, टाळी. झेंड्यापेक्षा तिचा फोटो चांगला येतो. मोर्चा संपला की झेंडेवाले टॅक्सीत बसतात आणि ती लोकलच्या डब्यात मागायला चढते.

हे फक्त इथलंच नाही. अमेरिकेत न्यूयॉर्कच्या स्टोनवॉल नावाच्या दारूच्या गुत्त्यावर २८ जून १९६९ च्या पहाटे पोलिसांची धाड पडली आणि लोकांनी उलट मारलं. तिथून त्यांची आजची चळवळ मोजतात. त्या उठावाच्या दिवसांपासून मार्शा जॉन्सन आणि सिल्व्हिया रिव्हेरा ही नावं घेतली जातात. एक काळी, एक पोर्टोरिकन-व्हेनेझुएलन वंशाची, दोघी रस्त्यावर राहिलेल्या. त्यांनी १९७० मध्ये बेघर पोरापोरींसाठी स्वतःची संघटना काढली. १९७३ च्या जूनमध्ये त्याच शहरातल्या मेळाव्यात सिल्व्हिया तुरुंगात सडणाऱ्या आपल्या माणसांबद्दल बोलायला उभी राहिली, तर तिच्याच चळवळीतल्या गर्दीनं तिची हुर्यो उडवली. पुढं २००२ मध्ये न्यूयॉर्क राज्यानं समलिंगींना संरक्षण देणारा कायदा केला. त्यातून पारलिंगींना गाळलं. आता मिळतंय ते घेऊ, तुमचं नंतर बघू, असं सांगितलं. ते 'नंतर' २०१९ ला आलं. सतरा वर्षांनी.

दोस्तहो, हे वाक्य आपण कुठं ऐकलंय? आधी स्वराज्य येऊ द्या, मग अस्पृश्यतेचं बघू. आधी वर्गलढा जिंकू द्या, मग जात आपोआप जाईल. गिरणीतला लाल बावटा संपात आम्हाला पुढं करायचा, आणि जास्त मजुरीच्या विणखात्यात आमचा माणूस घ्यायची वेळ आली की गप्प बसायचा. का, तर धागा तुटला की तो तोंडानं ओढून जोडावा लागे, आणि सवर्ण कामगाराला आमच्या उष्ट्याचा विटाळ. बाबासाहेबांनी हा प्रश्न मुंबईच्या गिरण्यांबद्दल मांडला होता. एका झेंड्याखाली उभं राहिलं की सगळे सारखे होत नाहीत, हे आपल्याला दुसऱ्यानं शिकवायची गरज नाही.

आणि जात? इंद्रधनुष्यात जात नसते असं म्हणतात. २०१५ मध्ये मुंबईच्या एका इंग्रजी पेपरात एका आईनं आपल्या समलिंगी मुलासाठी 'वर पाहिजे' ची जाहिरात दिली. देशभर कौतुक झालं. धाडस होतंच. पण जाहिरातीत जातीची अट नाही असं लिहून कंसात अय्यर असल्यास प्राधान्य असं होतं. नंतर ते गमतीनं लिहिल्याचं सांगितलं. गंमत असेल. पण आपल्या लेकीबाळींच्या लग्नात ही गंमत कुणी करत नाही, तिथं मुडदे पडतात. त्याच वर्षी दिल्लीच्या मोर्चात काही तरुण पोरं आम्ही दलितही आहोत आणि क्विअरही आहोत असा फलक घेऊन उभी राहिली. तो फलक त्यांना आपल्याच मोर्चात का धरावा लागला, यातच सगळं आलं.

पुढं लग्नाच्या हक्काची लढाई झाली. १७ ऑक्टोबर २०२३ ला सुप्रीम कोर्टानं समलिंगी लग्नाला मान्यता द्यायला नकार दिला. तो निकाल चुकीचाच आहे असं माझं मत. पण त्याच्या बातम्या, त्याच्या चर्चा, त्याचे अश्रू एका बाजूला ठेवा, आणि दुसऱ्या बाजूला २०१९ मध्ये संसदेनं केलेला पारलिंगींचा कायदा ठेवा. त्या कायद्यात पारलिंगी माणसावरच्या लैंगिक अत्याचाराला जास्तीत जास्त शिक्षा किती ठरवली? दोन वर्षं. बाईवरच्या बलात्काराला कमीत कमी दहा वर्षं असताना. म्हंजे कायद्यानंच तिच्या अब्रूचा भाव पाचवा हिस्सा लावला. त्या विरोधात पारलिंगी लोक रस्त्यावर आले. त्यांच्या मागं इंद्रधनुष्यातली गर्दी लग्नाच्या खटल्याएवढी उभी राहिली असं मला दिसलं नाही. आपणही नव्हतो. ॲट्रॉसिटी कायद्यासाठी गाव बंद करणारे आपण.

आता आपल्या मराठी पडद्यावर आणि पुस्तकात ती कशी आली ते बघू. 'जोगवा' २००९ चा. उपेंद्र लिमयेंना त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. सिनेमा ताकदीचा आहे, देवीच्या नावानं माणसाचं आयुष्य कसं कापून घेतात ते त्यानं दाखवलं. पण त्यातला जोगता हा जबरदस्तीनं साडी नेसवलेला पुरुष आहे. त्याची सुटका कशात? साडी टाकून पुन्हा पुरुष होण्यात. २०१० च्या 'नटरंग'चंही तसंच. पैलवान गडी, पोटासाठी आणि कलेसाठी नाच्या होतो, आणि त्याची सगळी शोकांतिका अशी की गाव त्याला बायल्या समजतं, खरा तर तो मर्द. दोन्ही सिनेमांत माझे डोळे भरून आले. नंतर विचार केला तेव्हा कळलं की रडलो ते गेलेल्या मर्दानगीसाठी. जिला साडी कुणी नेसवली नाही, जी आपण होऊन नेसली, तिला या दोन्ही गोष्टींत जागा नाही. तिच्यासाठी त्यातला सुखाचा शेवट हाच तुरुंग आहे.

'नटरंग'च्याच रवी जाधवांनी २०२३ मध्ये 'ताली' केली. श्रीगौरी सावंत यांच्या आयुष्यावर. त्या सुप्रीम कोर्टातल्या याचिकाकर्त्या, लढलेल्या बाई. भूमिका केली सुष्मिता सेननं. मालिका आदरानं केलीय. तरी प्रश्न राहतो. गोष्ट तिची, टाळी तिची, आणि पडद्यावर तिच्या जागी उभं राहायला अख्ख्या मुलखात तिच्यासारखी एक नटी सापडली नाही? आपल्या दुःखाच्या भूमिका सवर्ण नटांनी तोंडाला काळा रंग फासून केल्या, तेव्हा आपण जे बोललो तेच इथं बोलायला पाहिजे.

पुस्तकात 'मी हिजडा... मी लक्ष्मी!' २०१२ ला आलं. लक्ष्मीनारायण त्रिपाठींनी मराठी मध्यमवर्गाच्या दिवाणखान्यात हा शब्द पुस्तकाच्या कव्हरवर मांडला, हे छोटं काम नाही. पण पुढं काय झालं? २०१५ मध्ये त्यांनी किन्नर आखाडा काढला. उज्जैनच्या सिंहस्थात मिरवणूक निघाली, २०१९ च्या प्रयागच्या कुंभात तो जुना आखाड्याच्या जोडीला गेला. २०१८ मध्ये त्यांनी अयोध्येतल्या राममंदिराला पाठिंबा दिला, तेव्हा देशभरातल्या पारलिंगी कार्यकर्त्यांनी आणि संघटनांनी निषेधाचं पत्रक काढलं. हे पत्रक आपण वाचायला हवं होतं. कारण हा वाद आपला ओळखीचा आहे. माणूस म्हणून हक्क मागायचा, की देवाच्या दारात मान मागायचा? काळाराम मंदिराच्या पायऱ्यांवर पाच वर्षं घासल्यावर बाबासाहेबांनी याचं उत्तर १९३५ ला येवल्यात दिलं.

'किन्नर' या शब्दाचंही तसंच. तो देवलोकातल्या गाणाऱ्यांचा शब्द आहे. कानाला गोड लागतो. आपल्यालाही एकदा असाच गोड शब्द मिळाला होता, हरिजन. देवाचं नाव दिलं की माणसाची भाकरी द्यावी लागत नाही. कुणी स्वतःला काय म्हणवून घ्यावं हे तिनं ठरवावं, तो माझा अधिकार नाही. पण दुसरा कुणी प्रेमानं नाव ठेवायला आला की त्याच्या दुसऱ्या हातात काय आहे ते बघायचं, एवढं आपण आपल्या अनुभवावरून तिला सांगू शकतो.

या सगळ्यांपेक्षा वेगळा आवाज मला दिशा पिंकी शेख यांच्या 'कुरूप' या कवितासंग्रहात दिसतो. भटक्या जमातीत जन्म, श्रीरामपूरला वास्तव्य, दुकानं मागून जगलेलं आयुष्य. नावातच दयेला नकार आहे. आम्ही सुंदर आहोत, आम्हाला स्वीकारा, अशी विनवणी नाही. तुमच्या सुंदरतेची मोजपट्टीच खोटी आहे, असं सांगणं आहे. साठोत्तरी दलित कवितेनं शुद्ध-अशुद्धाच्या मोजपट्टीबद्दल जे केलं, ते ही कविता देहाच्या मोजपट्टीबद्दल करते. म्हणून मी म्हणतो, ती बाजूच्या कप्प्यात ठेवायची कविता नाही. ती दलित साहित्याची पुढची पायरी आहे. आपल्या संमेलनांत तिच्यावर परिसंवाद किती झाले?

आता पोटाचा प्रश्न. पोर जन्मलं, लग्न झालं की ती बधाई मागायला येते. लोक म्हणतात, त्यांना परंपरेनं मान आहे, त्यांचा आशीर्वाद लागतो. मराठेशाहीत दख्खनच्या मुलखात काही हिजड्यांना इनाम जमिनी होत्या, रोख नेमणुका होत्या, ठरल्या गावांत मागायचा हक्क होता. इंग्रजांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला ते हळूहळू बंद केलं. पुढं १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याचा दुसरा भागच त्यांच्यासाठी लिहिला. वहीत नाव नोंदवा, बायकांचे कपडे घालू नका, नाचू नका, नाहीतर तुरुंग. त्या भागाचा वरवंटा मुख्यतः उत्तर हिंदुस्थानात फिरला. पण कायदा तोच, ज्यानं पारध्याला जन्मतः चोर ठरवलं. म्हंजे विमुक्तांची आणि तिची बेडी एकाच लोहाराच्या भात्यातली.

त्या गेलेल्या मानाबद्दल हळहळणारे पुष्कळ आहेत. मी हळहळत नाही. कारण मागायचा हक्क म्हंजे काय हे आपल्याला माहीत आहे. महारवतन हाही हक्कच होता. बलुत्याची भाकर, मेलेलं ढोर, गावकीचा मान. बाबासाहेबांनी १९२८ मध्ये मुंबईच्या कौन्सिलात वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचं बिल मांडलं, तेव्हा आपल्यातलेच म्हातारे म्हणाले, पिढीजात हक्क कशाला सोडायचा? वतन गेलं १९५८ च्या कायद्यानं. ते गेलं म्हणून आपण शाळेत गेलो, गिरणीत आलो. बधाई हे तिचं वतन आहे. आशीर्वाद म्हणून गौरवायचं आणि त्याच्याखेरीज दुसरं काम द्यायचं नाही. २०११ च्या जनगणनेत 'इतर' म्हणून नोंद झालेल्यांत शंभरातल्या ५६ जणांना लिहिता-वाचता येत होतं. देशाचा आकडा ७४. शाळेत पोरं पँट ओढतात, मास्तर हसतो, मग पोरगं शाळा सोडतं. आणि जन्मतः मुलगी म्हणून नोंदलेल्या, पण मुलगा असलेल्या पोराला तर बधाईही नाही, गुरूचं घरही नाही. तो मोर्चाच्या फोटोतही नसतो.

सुप्रीम कोर्टानं १५ एप्रिल २०१४ ला, म्हंजे जयंतीच्या दुसऱ्या दिवशी, नालसा खटल्यात सांगितलं की आपण कोण हे ज्यानं त्यानं ठरवायचं, आणि सरकारनं या समाजाला मागास धरून आरक्षण द्यावं. चांगलं झालं. पण मागासवर्ग म्हणून एकच खण केला, तर महार-मांगाच्या घरात जन्मलेल्या पारलिंगी पोरीनं काय करायचं? जात सांगितली तर लिंग सोडायचं, लिंग सांगितलं तर जात सोडायची? तमिळनाडूतल्या ग्रेस बानू या दलित पारलिंगी कार्यकर्तीनं म्हणूनच समांतर आरक्षणाची मागणी लावून धरली. बायांना जसं प्रत्येक प्रवर्गात वेगळं आरक्षण असतं, तसंच. कर्नाटकानं २०२१ मध्ये एक टक्का समांतर आरक्षण दिलं. ही मागणी इंद्रधनुष्याच्या झेंड्यावर लिहिलेली सहसा दिसत नाही. कारण ज्याला आरक्षणाची गरज कधी पडली नाही, त्याला ती मागणीच सुचत नाही. ती आपल्या निळ्या झेंड्यावर लिहिली पाहिजे.

खानदेशातच बघा. भादली बुद्रुक हे जळगाव तालुक्यातलं गाव. २०२० च्या डिसेंबरात अंजली गुरू संजना जान यांनी बायांसाठी राखीव जागेवर ग्रामपंचायतीचा अर्ज भरला. या नावात बापाच्या जागी गुरूचं नाव आहे, ते ध्यानात घ्या. अर्ज बाद झाला. त्या औरंगाबाद खंडपीठात गेल्या. २ जानेवारी २०२१ ला हायकोर्टानं त्यांना बाई म्हणून उभं राहू दिलं. पुढं आयुष्यात फायद्यासाठी पुरुष असल्याचं सांगणार नाही, असं मात्र त्यांना कोर्टात सांगावं लागलं. कुठल्या पुरुष उमेदवाराला असं विचारतात? त्या निवडून आल्या. शहरातल्या मोर्च्यांच्या कितीतरी लांब, केळीच्या आणि कपाशीच्या मुलखात, गावानं मत दिलं.

आणि फैजपूर. १९३६ च्या डिसेंबरात इथं काँग्रेसचं अधिवेशन झालं, खेड्यातलं पहिलं. नेहरू अध्यक्ष. शाळेच्या पुस्तकात ते आहे. त्याच वर्षी बाबासाहेबांनी जातिनिर्मूलनावरचं न झालेलं भाषण छापलं आणि स्वतंत्र मजूर पक्ष काढला, ते आपल्याला स्वतः शोधून वाचावं लागलं. या फैजपूरच्या शमिभा पाटील. लेवा पाटील घरातल्या. २०२४ च्या विधानसभेला रावेर मतदारसंघातून त्यांना उमेदवारी दिली ती वंचित बहुजन आघाडीनं. त्याआधी २०१९ मध्ये दिशा पिंकी शेख यांना प्रवक्त्या केलं तेही याच पक्षानं. मी पक्षाचा प्रचार करत नाही. एवढंच सांगतो की जिला घरच्या जातीत जागा उरत नाही आणि शहरातल्या इंद्रधनुष्यात फक्त फोटोपुरती मिळते, ती निळ्या झेंड्याकडं येते. तिनं आपल्याला ओळखलं. आपण तिला ओळखलं का? झेंडा देतो आणि कवितेत शिवी ठेवतो. त्या दिवशी चहाच्या गाडीवर निळा रुमाल बांधून उभी होती, ती हेच विचारत होती.

कुणी म्हणेल, बाबासाहेबांचा याच्याशी काय संबंध? र. धों. कर्व्यांच्या 'समाजस्वास्थ्य'वर अश्लीलतेचा खटला भरला गेला. वाचकांनी विचारलेल्या लैंगिक प्रश्नांना कर्व्यांनी उत्तरं दिली होती, त्यात समलिंगी संबंधाबद्दलचेही प्रश्न होते. १९३४ मध्ये हायकोर्टात कर्व्यांचं वकीलपत्र घेतलं बाबासाहेबांनी. ते खटला हरले. पण माणसाच्या देहाबद्दल शास्त्रानं बोलायला लाजायचं नाही, ही त्यांची बाजू कागदावर आहे. १९३४ साली जे आपल्या बापाला कळलं, ते आपल्याला अजून अवघड जातंय.

आणि ज्यांचं नाव घेऊन १९७२ मध्ये दलित पँथर उभी राहिली त्या ब्लॅक पँथरचं बघा. त्यांचा पुढारी ह्यूई न्यूटन १५ ऑगस्ट १९७० च्या भाषणात आपल्याच लोकांना म्हणाला, समलिंगी लोकांबद्दल आपल्या मनात भीती असेल, पण ते आपले सोबती होऊ शकतात. त्यांच्यावरून पडलेल्या शिव्या आपल्या बोलण्यातून काढून टाका. आणि विशेष करून, त्या शिव्या निक्सनसारख्या जनतेच्या शत्रूंना देऊ नका. बंदूक खांद्यावर घेतलेला माणूस हे बोलला. आपण पँथरचं नाव घेतलं, डरकाळी घेतली. ही गोष्ट मात्र घ्यायची राहून गेली. मी माझ्या कवितेत नेमकं तेच केलं होतं, शत्रूला तिचं नाव दिलं होतं.

मी ती ओळ खोडली. तिच्या जागी काय लिहावं ते अजून सुचलेलं नाही. कविता तेवढ्यापुरती लंगडी झाली, होऊ दे. भित्र्याला भित्रा म्हणावं, विकलेल्याला विकलेला म्हणावं, मराठी एवढी गरीब नाही. तुमच्या वह्या काढा. जिथं जिथं हा शब्द शिवी म्हणून आलाय तिथं रेघ मारा. पुढच्या जयंतीला समितीच्या यादीत तिचं नाव पाहिजे. नाचायला नाही, मिरवणुकीच्या शोभेला नाही. हिशेबाच्या वहीवर सही करायला आणि माईकवर बोलायला.

आणि तिनं आमच्या कवितेवर टीका केली तर खाली बसून ऐकायची. चहाचे पैसे या वेळी मी देईन.

जयभीम.